लेसिकनंतरचा महिना : हात डोळ्याकडे जाऊ नये म्हणून तुम्ही काय केलंत?

चाफेकळी_नाशिक | ३ मार्च, रात्री ९:४०

नमस्कार मंडळी. २२ फेब्रुवारीला माझं लेसिक, म्हणजे लेसरने चष्म्याचा नंबर घालवायचं ऑपरेशन, झालं. सहावीपासून चष्मा होता, शेवटचा नंबर उजव्या डोळ्याला उणे ५.२५ आणि डाव्याला उणे ४.७५. टेबलावर जेमतेम पंधरा मिनिटं गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी गच्चीवरून समोरच्या इमारतीच्या टाकीवरची अक्षरं वाचता आली आणि मला रडू फुटलं. आई पदराने माझे डोळे पुसायला पुढे झाली, तर तिचा हात मी वरच्या वर धरला. तेव्हापासून आमच्या घरात हे एकच चालू आहे, हात धरणं.

धागा काढायचं कारण असं. पैसे भरायच्या आधी तिथल्या समुपदेशक बाई आमच्याशी पाऊण तास बोलल्या. ऑपरेशननंतर कसं जपायचं हे मात्र एका इंग्रजी कागदावर आणि चार मिनिटांत उरकलं. 'तीन दिवसांत कामाला लागा, सगळं नॉर्मल,' एवढंच. माझ्या आईला इंग्रजी येत नाही आणि पहिले दोन दिवस मला वाचायला मनाई होती. मग तो कागद कोणासाठी होता? डॉक्टर स्वतः चांगले आहेत. दुसऱ्या दिवशी मी विचारलं तेव्हा त्यांनी कागदावर चित्र काढून नीट समजावलं. पण विचारलं म्हणून.

ते चित्र इथे शब्दांत मांडते. कॉर्निया म्हणजे बुबुळावरचा पारदर्शक पडदा, जाडी साधारण अर्धा मिलिमीटर. माझा ५३८ मायक्रॉन भरला. त्यातला वरचा ११० मायक्रॉनचा पापुद्रा एका लेसरने सोडवतात, वहीचं पान उलटावं तसा बाजूला करतात, खालच्या भागाला दुसऱ्या लेसरने आकार देतात आणि पान परत मिटतात. टाका नाही, डिंक नाही. पापुद्रा आपोआप धरतो. कडेची त्वचा दिवसभरात जुळून येते, पण आतली पकड पहिले काही दिवस फार नाजूक असते आणि मुळात होती तितकी घट्ट ती पुढे कधीच होत नाही. हे कळल्यावर 'डोळे चोळू नका' या तीन शब्दांचं वजन मला कळलं.

पहिल्या रात्री डोळ्यांवर प्लास्टिकच्या भोकांच्या ढाली, चारी बाजूंनी चिकटपट्टी. तीनच्या सुमाराला टक्क असा आवाज झाला आणि जाग आली. माझ्याच बोटाचं पेर ढालीवर आपटलं होतं. झोपेत मी चोळायला निघाले होते! छातीत धडधडत तशीच बसून राहिले. ढाल नसती तर, हा विचार अजून जात नाही.

मला तीन गोष्टी विचारायच्या आहेत. मी शाळेत शिकवते, खडूची धूळ असते. शाळा ११ किलोमीटरवर आहे, जाते स्कूटीवर. आणि १९ मार्चला रंगपंचमी आहे. नाशिकची रंगपंचमी म्हणजे रहाडी (रंगाच्या पाण्याने भरलेले जमिनीतले हौद) आल्या, आमचं घर रहाडीपासून दोन गल्ल्या सोडून आहे. ज्यांनी हे सगळं पार केलंय त्यांनी कृपया लिहा.

नेत्रदीप | ३ मार्च, रात्री ११:०५

अभिनंदन ताई. मी गेली १४ वर्षं छत्रपती संभाजीनगरला डोळ्यांच्या दवाखान्यात ऑप्टोमेट्रिस्ट, म्हणजे नजर तपासणारा, आहे. तुमच्या डॉक्टरांचा शब्द शेवटचा, हे धरून लिहितो.

सगळ्यात जास्त चुका ड्रॉप घालताना होतात. लोक वरची पापणी ओढतात. ती ओढायचीच नाही. हात साबणाने धुवा, कोरडे करा, आडवे व्हा, गालाची कातडी खाली ओढा म्हणजे खालच्या पापणीची झोळी होते. त्या झोळीत एक थेंब. बाटलीचं टोक पापणीला, केसांना, बोटाला कशालाच लागता कामा नये. मग डोळा हळूच मिटा, आवळू नका. ओघळ आला तर गालावर टिपा, डोळ्याच्या फटीपाशी कापूस नेऊ नका. दोन ड्रॉपमध्ये निदान पाच मिनिटं जाऊ द्या, नाहीतर दुसरा थेंब पहिल्याला धुऊन नेतो.

बहुतेकांकडे तीन बाटल्या असतात : जंतुसंसर्ग होऊ नये म्हणून प्रतिजैविक, सूज उतरायला स्टिरॉइड आणि ओलाव्यासाठी कृत्रिम अश्रू. स्टिरॉइडची बाटली दुधी पांढरी असेल तर दर वेळी नीट हलवायची, औषध तळाला बसलेलं असतं. न हलवता घालणाऱ्याच्या डोळ्यात पहिले पंधरा दिवस नुसतं पाणी जातं आणि शेवटी गाळ. स्टिरॉइड दिवसाला चार, मग तीन, मग दोन असं उतरवत आणायचं असतं. 'आता बरं वाटतंय' म्हणून मनाने बंद करू नका आणि 'अजून लाल आहे' म्हणून मनाने वाढवूही नका.

रंगपंचमीला सरळ नाही म्हणा. स्कूटीचं सांगतो : नुसता गॉगल पुरत नाही, वारा बाजूने शिरतो. पूर्ण चेहऱ्याचं हेल्मेट, काच खाली, आत बिननंबरचा चष्मा. आणि काही दिवस कोणाच्या तरी मागे बसून जाता आलं तर उत्तम.

पन्हाळा_पायथा | ४ मार्च, सकाळी ७:२०

माझं लेसिक नाही, पीआरके झालं. कॉर्निया पातळ निघाला म्हणून डॉक्टरांनी पापुद्रा काढायला नकार दिला. पीआरकेत वरची नाजूक त्वचाच खरवडून काढतात, लेसर देतात आणि त्वचा परत येईपर्यंत पट्टीसारखी एक कॉन्टॅक्ट लेन्स बसवतात. माझी पाचव्या दिवशी काढली.

कोणी पीआरके करणार असेल तर आधीच सांगून ठेवतो, पहिले तीन दिवस दुखतं. कांदा चिरून त्यावर वाळू टाकल्यासारखं. दाराच्या फटीतून उन्हाची तिरीप आली तरी सोसवेना. बायकोने खिडकीला काळी सतरंजी लावली होती. त्यात मला वाटलं की काहीतरी बिघडलं, कारण माझ्या मित्राला लेसिकनंतर दुसऱ्या दिवशी लख्ख दिसलं आणि मला आठवड्याने बसच्या पाट्याही धूसर. पीआरकेत नजर आठवड्याआठवड्याने उघडते, ते आधी माहीत असतं तर इतकी घालमेल झाली नसती. मला पूर्ण स्वच्छ दिसायला अडीच महिने लागले.

आमच्यात वर्षानुवर्षं चोळण्याची भीती लेसिकइतकी नाही, पापुद्राच नाही ना. पण ऊन मोठा शत्रू. बरी होत असलेल्या कॉर्नियावर जास्त अतिनील किरण पडले तर पांढुरकी धूसर झाक येऊ शकते, आणि ती काही महिन्यांनीही येते. मी औषध कंपनीत फिरतीवर आहे, दिवसभर मोटरसायकल. सहा महिने बाजूने बंद असलेला, पूर्ण अतिनील संरक्षण असलेला गॉगल आणि खाली उतरलं की टोपी. ढगाळ दिवशीसुद्धा. गॉगल रस्त्यावरचा घेऊ नका. नुसती काळी काच असली की बाहुली मोठी होते आणि किरण अडत नाहीत, म्हणजे उलट जास्त आत जातात.

मुक्ताई७२ | ४ मार्च, दुपारी १:१५

चाफेकळी, माझ्या मुलाचं पुढच्या महिन्यात आहे म्हणून विचारते. घरातल्या मोठ्यांचं काय केलंस? आमच्याकडे सासूबाईंचं आत्तापासून सुरू आहे, मधाचं बोट फिरवा, गुलाबपाणी घाला, टाळूवर एरंडेल थापा. त्यांना दुखवायचंही नाही.

चाफेकळी_नाशिक | ४ मार्च, रात्री ८:३०

मुक्ताईकाकू, आमच्याकडे हुबेहूब हेच! आजीने पहिल्याच दिवशी गाईच्या तुपाची वाटी आणून ठेवली. मी तिला डॉक्टरांचं चित्र दाखवलं आणि सांगितलं, 'आजी, सायीखाली दूध असतं ना, तशी ही साय आहे. बोट लागलं तर सुरकुतेल. तूप, मध, गुलाबपाणी, साधं नळाचं पाणीसुद्धा आत जायला नको.' साय म्हटल्यावर तिला पटलं. आता तीच माझी पहारेकरी आहे. माझा हात खांद्याच्या वर गेला की स्वयंपाकघरातून हाक येते, 'हात!'

तिच्यावर एक काम सोपवलं, ते तुमच्याही उपयोगी पडेल. भिंतीवरच्या दिनदर्शिकेच्या त्या त्या चौकोनात ड्रॉपच्या वेळा लिहिल्या आहेत आणि बाटल्यांना रंगीत दोरे बांधलेत : लाल दोरा प्रतिजैविक, पांढरा स्टिरॉइड, हिरवा ओलाव्याचा. घातला की आजी पेन्सिलने फुली मारते. तिला बाटलीवरचं वाचता येत नाही, पण एकही फुली चुकलेली नाही.

न्हायचं असं केलं : आठ दिवस मानेखालीच अंघोळ, चेहरा ओल्या फडक्याने, डोळ्यांच्या भोवती सोडून. पाचव्या दिवशी केस असह्य झाले तेव्हा खाटेवर उताणी झोपून डोकं कडेबाहेर काढलं आणि आईने मागच्या मागे धुतलं. शिकेकाई नको म्हटलं, तिचा एक कण पुरे होतो. फोडणी घालताना मी स्वयंपाकघरात जात नाही. काजळ, पापण्यांचा मेकअप निदान दोन आठवडे बंद, आणि जुनी काजळडबी टाकून दिली.

कोडवाला_बावधन | ५ मार्च, सकाळी १०:५०

माझा अनुभव कोरड्या डोळ्यांचा. दिवसातले दहा तास संगणक आणि वर एसी. ऑपरेशननंतर पाचव्या दिवशी कामावर गेलो, नजर झकास. पण दुपारी चारनंतर डोळ्यात बारीक कच टोचायला लागायची, आणि गंमत म्हणजे पाणी यायचं. मला वाटलं पाणी येतंय म्हणजे कोरडे कसे? डॉक्टरांनी समजावलं की कोरड्या पृष्ठभागाला टोचणी लागली की डोळा घाईने पाणी सोडतो, पण ते टिकाऊ नसतं, ओघळून जातं.

कारण असं की पापुद्रा कापताना कॉर्नियातल्या बारीक मज्जातंतूही कापल्या जातात. 'कोरडं झालं, पापणी मिट, अश्रू सोड' हा निरोप त्याच नेतात. त्या पुन्हा वाढायला सहा महिने ते वर्ष लागतं. तोवर निरोपच नीट जात नाही. त्यात स्क्रीनकडे बघताना आपण मिनिटाला पंधराऐवजी पाच-सात वेळाच पापण्या मिटतो, त्याही अर्ध्या.

मी केलं ते असं. एसीची झडप वर वळवली. स्क्रीन नजरेपेक्षा थोडा खाली घेतला, म्हणजे डोळा कमी उघडा राहतो. दर वीस मिनिटांनी खिडकीबाहेरच्या वडाकडे वीस सेकंद पाहायचं आणि दहा वेळा पापण्या पूर्ण मिटायच्या. ओलाव्याचे ड्रॉप टोचायला लागल्यावर नाही, आधीच, घड्याळ लावून. दिवसात पाच-सहा वेळा लागत असतील तर संरक्षक रसायन नसलेल्या एकवेळच्या कुप्या घ्या, महाग पडतात पण ते रसायनच काहींच्या डोळ्याला चावतं. नवव्या महिन्यात ड्रॉप सुटले.

रात्री दिव्यांभोवती कडी दिसायची, समोरून येणाऱ्या गाडीचा दिवा म्हणजे कापसाचा गोळा. दोन महिने रात्रीची गाडी चालवली नाही. हळूहळू कमी झालं.

गोदाकाठ_परभणी | ५ मार्च, रात्री ९:१०

सगळ्यांनी वाचावं म्हणून लिहितो. माझ्या धाकट्या भावाचं मागच्या वर्षी लेसिक झालं, ते गव्हाच्या काढणीच्या तोंडावर. आम्हीच म्हणालो होतो की दहा दिवस झाले, चांगलं दिसतंय, मळणीला माणूस कमी आहे, ये. तो गॉगल लावून यंत्रापाशी उभा राहिला. घामाने गॉगल धुरकटला म्हणून मिनिटभर काढला आणि भुशाचा झोत आला. डोळ्यात कुसळ. त्याने सवयीने तळहाताने करकरून चोळलं.

दुखलं, पाणी आलं, आणि मग त्या डोळ्याने समोरचं बाभळीचं झाड दोन-दोन दिसायला लागलं. माझे वडील म्हणाले धुऊन टाक, नळाखाली धर. भाऊ शहाणा, त्याने धुतलं नाही, चोळणं थांबवलं, ढाल लावली आणि आम्ही तडक गाडी काढली. साडेतीन तासांत डॉक्टरांपुढे. पापुद्र्याला सुरकुत्या पडल्या होत्या आणि कडेला कुसळाचा तुकडा अडकला होता. त्याच रात्री पापुद्रा उचलून, खाली धुऊन, ताणून परत बसवला. डॉक्टर म्हणाले, उद्या आला असतात तर सुरकुती पक्की झाली असती. आज त्याला नीट दिसतं. पण मळणीला ये हे मी म्हणालो होतो, ते मला विसरता येत नाही. ज्यांच्या घरी शेती आहे त्यांनी ऑपरेशनची तारीख सुगी बघून घ्या.

नेत्रदीप | ६ मार्च, सकाळी ८:००

दादा, तुम्ही साडेतीन तासांत पोचलात, त्यानेच डोळा वाचला. हे वाचणाऱ्यांनी लक्षात ठेवा : दुखणं उतरण्याऐवजी वाढत असेल, लाली वाढत असेल, चिपाडं येत असतील, उजेड अचानक सोसवेना झाला किंवा आलेली नजर पुन्हा धूसर झाली, तर सकाळची वाट पाहायची नाही. रात्रीचा फोन नंबर पहिल्याच दिवशी मागून घ्या. आणि नळाच्या पाण्याचं वडिलांना जरूर सांगा. त्यात अकँथअमीबा नावाचा जीव असू शकतो, उघड्या जखमेतून तो कॉर्नियात शिरला तर महिनोन् महिने उपचार लागतात. म्हणून विहीर, नदी, तरण तलावही निदान महिनाभर बंद.

आणखी एक, जे मला दर वर्षी पाहावं लागतं. उरलेलं स्टिरॉइड. घरात बाटली राहते, दोन महिन्यांनी शेजारच्या पोराचे डोळे येतात आणि कोणीतरी मायेने म्हणतं, 'आमच्याकडे चांगला ड्रॉप आहे, लाली लगेच जाते.' लाली जाते खरी, पण जंतुसंसर्ग असेल तर तो आत पसरतो. काही जणांना स्टिरॉइडने डोळ्यातला दाबही वाढतो, दुखत नाही, कळत नाही. म्हणून तर तुम्हाला तपासणीला बोलावून दाब मोजतात. उघडलेली बाटली महिन्याने टाकूनच द्या.

जुना_चष्मेवाला | ६ मार्च, दुपारी ४:३५

माझं लेसिक २००६ चं, ठाण्यात. आता मी पन्नाशीत आहे, जवळचा चष्मा लागला, तो वयाचा. पापुद्र्याची आठवण तेव्हापासून जागी ठेवली आहे. मुलाशी बॅडमिंटन खेळतानाही संरक्षक चष्मा लावतो, कारण बोट किंवा फांदी जोरात लागून वर्षांनंतरही पापुद्रा सरकल्याची उदाहरणं डॉक्टरांनी मला सांगितली होती.

तरुणांनो, ऑपरेशनच्या आधीचे सगळे कागद जपून ठेवा. जुना नंबर, कॉर्नियाची जाडी, वक्रतेचे नकाशे, सगळं. पुढे मोतीबिंदू झाला तर आत बसवायच्या भिंगाचा नंबर काढताना ते लागतात, कारण कॉर्नियाचा आकार बदललेला असतो आणि नेहमीचा हिशेब चुकतो. तसंच कॉर्निया पातळ झाल्याने डोळ्याचा दाब मशीनवर खऱ्यापेक्षा कमी दिसतो. काचबिंदूची तपासणी कुठेही करा, लेसिक झालंय हे आधी सांगा. आणि नंबर गेला तरी डोळा आतून लांबटच राहतो, त्यामुळे मोठा नंबर असलेल्यांनी डोळ्याच्या मागच्या पडद्याची (रेटिनाची) तपासणी दर वर्षी चालू ठेवावी. माझा थोरला भाऊ 'चष्मा गेला, आता डॉक्टर कशाला' म्हणून आठ वर्षं गेला नव्हता.

जाता जाता, कॉर्नियाला आकार देणारा १९३ नॅनोमीटरचा लेसर आसपास न जाळता पेशी कोरू शकतो हे दाखवणारे रंगस्वामी श्रीनिवासन मूळचे मद्रासचे. १९८१ मध्ये अमेरिकेत आयबीएमच्या प्रयोगशाळेत त्यांनी थँक्सगिव्हिंग सणाच्या जेवणातून उरलेल्या टर्की पक्ष्याच्या हाडा-कूर्चेवर तो चालवून पाहिला होता. माझ्या डोळ्यावर तोच लेसर चालला याचं मला अप्रूप वाटतं.

चाफेकळी_नाशिक | २० मार्च, रात्री १०:१५

रंगपंचमी झाली. खिडक्या लावून घरात बसले, दुपारी रहाडीत उड्या पडायला लागल्यावर ढोल ऐकू येत होते, तेवढं ऐकलं. संध्याकाळी वर्गातली मुलं रंगलेली तोंडं घेऊन दारात आली, 'बाई, लांबूनच!' म्हणत माझ्या पायांवर चिमूटभर गुलाल ठेवून गेली. शाळेत फळा मी पुसत नाही, पुढच्या बाकावरचा मुलगा ओल्या फडक्याने पुसतो, धूळच उडत नाही. स्कूटीऐवजी अजून सहकारी बाईंच्या मागे बसते. परवा तपासणी आहे.

निळीशाई | २१ मार्च, सकाळी ९:४५

धागा रात्री जागून वाचला. माझं लग्न १८ मे ला आहे आणि चष्मा नको म्हणून मी २६ एप्रिलला लेसर ठरवलं होतं. तीन आठवडे पुरतील ना? तिथे हो म्हणाले.

नेत्रदीप | २१ मार्च, दुपारी २:२०

ताई, नजर तीन आठवड्यांत बहुतेक आलेली असेल. पण त्या दिवशीचं डोळ्यासमोर आणा. हळद, होमाचा धूर, डोळ्यांचा जाड मेकअप आणि रात्री तो पुसणं, जागरण, मेची धूळ आणि घाम. तोंडावर अक्षता, त्याही मागच्या रांगेतून जोरात फेकलेल्या. आणि डोळ्याला पाणी आलं की पुसायला पुढे येणारे दहा हात. लेसर लग्नाच्या निदान तीन महिने आधी, नाहीतर लग्नानंतर. कॉन्टॅक्ट लेन्स वापरत असाल तर तपासणीआधी त्याही एक-दोन आठवडे बंद ठेवाव्या लागतात, कडक लेन्स असतील तर त्याहून जास्त.

चाफेकळी_नाशिक | २१ मार्च, सायंकाळी ६:०५

निळीशाई, मी नेत्रदीपदादांशी पूर्ण सहमत. मला अजूनही संध्याकाळी डोळे चुरचुरतात आणि दर दोन तासांनी ड्रॉप लागतो. शालूत बाटली कुठे ठेवशील? पुढे ढकल गं.

निळीशाई | २३ मार्च, रात्री ९:३०

ढकललं. श्रावणानंतरची तारीख घेणार. लग्नात चष्मा लावूनच उभी राहणार आहे. होणाऱ्या सासूबाईंना घाबरत घाबरत फोन केला, तर त्या म्हणाल्या, 'बरं केलंस, अंतरपाट दूर झाल्यावर तुला नीट दिसायला हवं.'